ॲनोमॅलोकॅरिस ट्रायलोबाइट फोडून खायचा का?

प्रश्न असा आला आहे: "लहानपणापासून चित्रांत ॲनोमॅलोकॅरिस ट्रायलोबाइटला धरून कराकरा चावताना पाहिलाय. आता वाचतो की त्याला ते जमतच नव्हतं. मग तो कँब्रियन समुद्रातला सर्वांत मोठा शिकारी होता की नव्हता? प्राण्यांच्या इतिहासातला पहिला शिकारी तोच का? आणि आपल्याकडे भारतात त्याचे जीवाश्म मिळतात का?"

ॲनोमॅलोकॅरिस म्हणजे सुमारे ५० कोटी वर्षांपूर्वीच्या, कँब्रियन काळातल्या समुद्रातला एक नामशेष प्राणी. तो शिकारी होता, आणि पट्टीचा शिकारी होता. पण ट्रायलोबाइटची (पाठीवर कडक कवच असलेल्या, तोही आता नामशेष, समुद्री प्राण्याची) पाठ फोडणारा नव्हता. निदान ॲनोमॅलोकॅरिस कॅनडेन्सिस ही मूळ जाती तरी नव्हती, असं माझं मत आहे. पाण्यात पोहणाऱ्या मऊ अंगाच्या प्राण्यांमागे लागायचं आणि त्यांच्यावर झडप घालायची, हे त्याचं काम. पहिला शिकारी मात्र तो नव्हे. भारताचं शेवटी बघू.

आधी हा प्राणी आपल्या हाती कसा आला ते सांगतो, कारण निम्मा घोळ तिथेच झालेला आहे. कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबिया प्रांतात, रॉकी पर्वतरांगेत, माउंट स्टीफन नावाचा डोंगर आहे. १८८०च्या दशकात त्याच्या पायथ्याजवळून रेल्वे गेली आणि वरच्या उतारावर ट्रायलोबाइटांचा खच पडलेला आहे हे कळलं. कॅनडाच्या भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे रिचर्ड मॅककॉनेल यांनी तिथून जे नमुने आणले, त्यांत काही वाकडे, पेरापेरांचे, खालच्या बाजूला काटे असलेले तुकडे होते. जोसेफ व्हाइटीव्ह्ज यांनी १८९२मध्ये त्यांचं वर्णन केलं. त्यांच्या मते हे कोळंबीच्या जातकुळीतल्या एका प्राण्याचं मागचं धड होतं, फक्त डोकं गायब. त्यांना हसण्यात अर्थ नाही. आजही तो तुकडा नवख्या विद्यार्थ्यापुढे ठेवला तर तो हेच म्हणेल.

१९०९मध्ये स्मिथसोनियन संस्थेचे सचिव चार्ल्स वॉलकॉट यांना जवळच बर्जेस शेलचा तो प्रसिद्ध थर सापडला (शेल म्हणजे चिखल घट्ट होऊन बनलेला, पातळ थरांचा खडक). सुमारे ५० कोटी ८० लाख वर्षांपूर्वीचा चिखल, आणि त्यात मऊ अवयवांसकट दाबले गेलेले प्राणी. पुढच्या काही वर्षांत त्यांनी तिथून ६५,०००हून जास्त नमुने नेले. १९११मध्ये त्यांनी एक गोल, मध्ये भोक असलेलं, तबकड्यांचं कडं जेलीफिश म्हणून नोंदवलं: पेयटोइया. एक लांबट चपटा ठसा समुद्रकाकडी ठरवला: लॅगानिया. काटेरी अवयवाचा आणखी एक प्रकार त्यांनी सिडनेयिया या भलत्याच प्राण्याच्या डोक्याला जोडून टाकला. कोळंबी, जेलीफिश, समुद्रकाकडी ही तिन्ही नावं पुस्तकांत स्थिरावली आणि कित्येक दशकं कुणी हलवली नाहीत.

१९७८मध्ये सायमन कॉनवे मॉरिस यांनी लॅगानिया पुन्हा तपासली आणि हा स्पंजावर येऊन पडलेला जेलीफिश असावा, असं म्हटलं. पुढच्याच वर्षी डेरेक ब्रिग्ज यांनी दाखवलं की ती 'कोळंबी' धड नसून कुठल्यातरी मोठ्या संधिपाद प्राण्याचा (खेकडे, कीटक, कोळी यांच्या गटातल्या) सुटा अवयव आहे. धडात आतडं असायला हवं होतं, ते त्यात कुठेच नव्हतं. मग हॅरी व्हिटिंग्टन एका मोठ्या, अस्पष्ट नमुन्यावरचा दगड एकेक थर काढत गेले. खाली एकाच प्राण्याच्या डोक्याला 'कोळंबी' चिकटलेली आणि तिच्यामागे 'जेलीफिश', म्हणजेच तोंड. १९८५मध्ये व्हिटिंग्टन आणि ब्रिग्ज यांनी अख्खा प्राणी मांडला. पुढे टोरांटोच्या रॉयल ऑन्टारिओ म्युझियमचे डेस्मंड कॉलिन्स यांच्या चमूला पूर्ण नमुने मिळाले आणि १९९६मध्ये त्यांनी या साऱ्या गोतावळ्याला रेडिओडोंटा असा गट करून दिला.

आता तुमच्या चित्रातल्या चुकीचं मूळ. १९८५च्या मांडणीत दोन जाती होत्या, आणि एकीचं तोंड दुसरीलाही दिलं गेलं. ते कडं खरं तर आज आपण ज्याला पेयटोइया म्हणतो त्या प्राण्याचं. त्यात ३२ तबकड्या, त्यांतल्या चार मोठ्या, एकमेकींसमोर. ॲनोमॅलोकॅरिस कॅनडेन्सिसचं स्वतःचं तोंड वेगळं आहे हे ॲलिसन डेली आणि यान बर्गस्ट्रोम यांनी २०१२मध्ये दाखवलं. त्यात मोठ्या तबकड्या तीनच, बाकीच्या लहानमोठ्या आणि सुरकुतलेल्या, मधलं भोक बारीक आणि वेडंवाकडं. म्हणजे सत्तावीस वर्षं जगभरच्या चित्रकारांनी आणि खेळणी बनवणाऱ्यांनी या प्राण्याला शेजाऱ्याचं तोंड लावलं. बाजारातली बरीच मॉडेल्स अजून तशीच आहेत.

तोंड इतकं महत्त्वाचं का? कारण कवच फोडायचं तर दोन कडक पृष्ठभाग एकमेकांवर दाबले जायला हवेत. ॲनोमॅलोकॅरिसचं तोंड अडकित्त्यासारखं मिटत नव्हतं. तबकड्या कड्यात बसलेल्या, टोकं मध्याकडे वळलेली, आणि त्या पूर्ण जुळतच नाहीत. डेन्व्हरच्या निसर्गविज्ञान संग्रहालयाचे जेम्स हॅगाडॉर्न यांनी २०१०मध्ये हाच मुद्दा लावून धरला होता: या तबकड्या कॅल्साइटच्या, म्हणजे चुनखडीतल्या कडक खनिजाच्या, नव्हेत, त्यांच्या टोकांवर झीज दिसत नाही, तुटफूट दिसत नाही. रोज कवचं फोडणाऱ्या खेकड्याची नांगी बघा, तिथे बोथटलेल्या कडा हमखास मिळतात. त्यात ट्रायलोबाइटचं पाठीवरचं कवच साधं कायटिनचं, म्हणजे कीटकांच्या अंगावर असतं त्या द्रव्याचं, नसतं, त्यात कॅल्साइट भरलेलं असतं. ते मऊ तोंडाने फुटणं अवघड. मऊ अंगाचा जीव आत ओढून घ्यायला असलं तोंड पुरेसं आहे.

तोंडाचा मुद्दा निकालात निघाला तरी हातांचा, म्हणजे डोक्यापुढच्या त्या काटेरी 'कोळंबी' अवयवांचा, उरतोच. १९९९मध्ये क्रिस नेडिन यांनी सुचवलं होतं की हा प्राणी ट्रायलोबाइट तोंडात अडकवून हातांनी पुढेमागे वाकवत असेल, म्हणजे कवच सांध्यावर तुटेल. कल्पना हुशारीची होती, आणि बरीच वर्षं आम्ही ती शिकवली.

ते हात नीट बघू. बर्जेस शेलमधला जीवाश्म म्हणजे काळ्या शेलवर काळी, जवळजवळ सपाट छटा. समोरून दिवा टाकला तर काहीच दिसत नाही. दगड हळूहळू तिरका करत गेलं की एका विशिष्ट कोनात ती छटा चमकते आणि अवयव 'उघडतो'. कधी दगडावर पातळ पाण्याचा थर द्यावा लागतो, म्हणजे कडा उठून दिसतात. असा हात दिव्याखाली फिरवला की मुळाशी एक लांबोडकं पेर दिसतं आणि पुढे १३ पेरं, टोकाकडे निमुळती होत गेलेली. प्रत्येक पेराखाली काट्यांची जोडी: एका पेराला लांब, पुढच्याला आखूड, पुन्हा लांब. आणि त्या काट्यांनाही छोटे उपकाटे. हात आतल्या बाजूला वळला की लांब-आखूड काट्यांची एक जाळी तयार होते. मला नेहमी लक्षात येते ती त्यांची बारकाई. हे काटे भोसकणारे आणि अडकवणारे आहेत, जाड खुंट नव्हेत.

२०२३मध्ये रसेल बिकनेल आणि सहकाऱ्यांनी या हातांची त्रिमितीय प्रतिकृती संगणकावर उभारून त्यावर ताण टाकून पाहिला. तुलनेला घेतले व्हिप स्पायडर आणि व्हिप स्कॉर्पियन हे कोळ्यांचे आजचे नातेवाईक, कारण त्यांचेही पुढचे काटेरी अवयव असेच झडप घालणारे. (सह्याद्रीतल्या गुहांत किंवा जुन्या दगडी भिंतींच्या फटीत टॉर्च मारला तर व्हिप स्पायडर दिसू शकतो. दिसतो भयंकर, पण विष नसतं, करत काही नाही.) निष्कर्ष असा निघाला की हात झपाट्याने वळू शकत होता, भक्ष्य धरू शकत होता, पण कडक कवच धरून दाबलं तर काटे तुटण्याचा धोका होता. आणखी एक गोष्ट त्यांनी पाहिली. प्रतिकृती आभासी प्रवाहात ठेवली तेव्हा हात पुढे सरळ ताणलेले असताना पाण्याचा अडथळा सर्वांत कमी. म्हणजे हात पुढे करून सुसाट जायचं आणि पोचताक्षणी ते आत वळवायचे. तळाच्या चिखलात दबा धरून बसलेल्या ट्रायलोबाइटला उपसून काढायचं तर ही ठेवण उपयोगाची नाही.

बाकीचं शरीरही याच दिशेने बोलतं. दोन्ही कुशींना एकामागून एक पंखासारखे पाळे, त्यांची लाट उठवून पोहणं. मागे शेपटीचा पंखा, ज्याच्यावर २०१८मध्ये झालेल्या जलगतिकीच्या अभ्यासात तो चटकन वळायला उपयोगी पडतो असं दिसलं. पळणाऱ्या भक्ष्यामागे वळावं लागतं, तळावर बसलेल्यासाठी वळायची घाई नसते.

डोळ्यांची गोष्ट मला सर्वांत आवडते. दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या कांगारू बेटावर इमू बे शेल आहे, बर्जेसपेक्षा थोडा जुना. तिथे २०११मध्ये ॲनोमॅलोकॅरिसचे सुटे संयुक्त डोळे सापडले, दोन ते तीन सेंटिमीटर व्यासाचे, एकेका डोळ्यात १६,०००हून अधिक भिंगं. आजच्या चतुराला साधारण ३०,००० असतात, आणि उडत्या कीटकांना हवेत पकडणाऱ्यांत त्याचा हात धरणारा दुसरा नाही. २०२०मध्ये त्याच चमूने आणखी नमुने तपासले तेव्हा कळलं की तिथे दोन वेगळे रेडिओडोंट होते. कॅनडेन्सिसच्या जवळच्या जातीचे डोळे देठावर, भरपूर उजेडात बारीक बघायला योग्य. दुसऱ्या जातीचे डोळे डोक्यालाच चिकटलेले, अंधुक पाण्यात वर बघण्याच्या ठेवणीचे, आणि तिचे हात पाण्यातले बारीक जीव गाळून घेण्यासारखे. देठावरच्या डोळ्याची ही जाती उजेडात पोहणारं, हलणारं काहीतरी हेरत होती, असाच अर्थ मी लावतो.

मग ट्रायलोबाइटांवरच्या जखमा कुणाच्या? त्या आहेत, खोट्या नाहीत. मी स्वतः ट्रायलोबाइटांवर काम करतो, आणि कडेला इंग्रजी 'डब्ल्यू'च्या आकाराचा घास गेलेला नमुना हातात आला की माणूस थबकतोच. पण भिंगाखाली त्या घासाची कड बघा. ती धारदार नसते, गोलसर आणि किंचित जाड झालेली असते. म्हणजे जखम भरून आली, प्राण्याने त्यानंतर कात टाकली आणि तो जगला. हे हल्ले फसलेले आहेत. यशस्वी हल्ल्यातला ट्रायलोबाइट कुणाच्यातरी पोटात गेला, तो आपल्याला अख्खा मिळत नाही. १९८९मध्ये बॅबकॉक आणि रॉबिसन यांनी अशा खुणा मोजल्या तेव्हा त्या उजव्या बाजूला जास्त निघाल्या आणि त्यावरून शिकारी एका बाजूने हल्ला करायचे, असं मांडलं गेलं. नंतरच्या मोजण्यांत हा कल सगळीकडे दिसत नाही, म्हणून त्यावर मोठे इमले बांधू नयेत.

ॲनोमॅलोकॅरिसवर हा आळ का आला? आकारामुळे. समुद्रात एकच मोठा आहे असं समजल्यावर प्रत्येक जखम त्याच्या नावावर पडते. पण संशयित दुसरेही आहेत, आणि त्यांच्याविरुद्धचा पुरावा जास्त भक्कम आहे. तोच सिडनेयिया, ज्याच्या डोक्याला वॉलकॉटने चुकीचा हात जोडला होता, त्याच्या आतड्यात ट्रायलोबाइटांचे तुकडे सापडले आहेत. त्याच्या पायांच्या मुळाशी जाड दातेरी कडा आहेत, दोन्ही बाजूंच्या एकमेकींवर घासून कवच भरडता येईल अशा. इमू बे शेलमध्ये रेडलिकिया रेक्स नावाचा सुमारे २५ सेंटिमीटरचा ट्रायलोबाइट २०१९मध्ये वर्णिला गेला, त्याच्याही पायांना तसेच दणकट काटे. म्हणजे ट्रायलोबाइट खाणारा ट्रायलोबाइटच असण्याची शक्यता चांगली आहे. आणि ॲनोमॅलोकॅरिसच्या पोटात मात्र ट्रायलोबाइटचा तुकडा आजवर मिळालेला नाही. न मिळणं हा पुरावा नव्हे हे मान्य, पण तोंड, हात, डोळे आणि पोट हे चारही एकाच बाजूला झुकत असतील तर मी त्या बाजूला जाईन.

खायला मिळत नव्हतं असंही नाही. बर्जेसच्या पाण्यात कोळंबीसारखा वॅप्टिया होता, पातळ कवचाचा आयसॉक्सिस होता, जेलीफिशसारख्या दिसणाऱ्या मऊ कॉम्ब जेली होत्या, आणि पिकाया होता: पाच-एक सेंटिमीटरचा, पाठीत लवचीक दांडा असलेला, आपल्या पाठीच्या कण्याच्या लांबच्या भाऊबंदांपैकी. हे सगळे धरायला काटेरी जाळीच हवी.

आकाराबद्दल एक दुरुस्ती. मीटरभर लांबीचा आकडा अजून फिरतो. आजच्या हिशेबाने कॅनडेन्सिसचं शरीर, हात आणि शेपटीचा पंखा सोडून, ३५ ते ३८ सेंटिमीटरपर्यंतचं. ऐकून हिरमोड होतो खरा. पण त्या समुद्रात बहुतेक प्राणी बोटाच्या पेरात मावणारे होते, तिथे एवढा प्राणी येताना दिसला तर बाकीच्यांची धांदल उडायला पुरेसा होता. सर्वांत मोठा शिकारी म्हणायचं असेल तर याच अर्थाने म्हणा.

आता 'पहिला शिकारी'. कँब्रियन कालखंड ५३ कोटी ८८ लाख वर्षांपूर्वी सुरू होतो, बर्जेस त्यानंतर तीन कोटी वर्षांनी. शिकार त्याच्या कितीतरी आधीची. चीनमधल्या क्लाउडिना या नळीसारख्या जीवांना गोल भोकं पाडलेली सापडली आहेत, आणि ते सुमारे ५५ कोटी वर्षांपूर्वीचे. ग्रीनलंडमधल्या सिरियस पासेटमधून २०२४मध्ये टिमोरेबेस्टिया वर्णिला गेला. बाणकिड्यांच्या (समुद्रातल्या छोट्या शिकारी किड्यांच्या) मूळ घराण्यातला हा पोहणारा शिकारी, आणि त्याच्या पचनमार्गात आयसॉक्सिसचे अवशेष आहेत. इथे खाणारा आणि खाल्लेला एकाच ठशात मिळतो. रेडिओडोंटांबाबत असा पुरावा मिळाला असता तर मला एवढं लिहावं लागलं नसतं.

तरी त्या गटाची कमाल दुसरीकडेच आहे. त्याच झडप घालणाऱ्या हातापासून किती वेगवेगळे धंदे निघाले! सिरियस पासेटमधल्या टॅमिसिओकॅरिसच्या हातांवर बारीक केसांच्या कंगव्यासारख्या ओळी आहेत, तो पाणी गाळून खायचा. बर्जेसच्याच परिसरातल्या कॅम्ब्रोरास्टरच्या डोक्यावर भलंमोठं ढालीसारखं कवच, तो बहुधा तळातला गाळ चाळायचा. आणि मोरोक्कोमधल्या फेझुआटा भागातला एजिरोकॅसिस, सुमारे ४८ कोटी वर्षांपूर्वीचा, दोन मीटर लांब, पूर्णपणे गाळून खाणारा. तो मोहम्मद बेन मौला या स्थानिक जीवाश्मशोधकाला सापडला आणि त्याचं नाव जातीच्या नावात आहे, जे योग्यच झालं. या नमुन्यात कुशीच्या पाळ्यांच्या दोन वेगळ्या रांगा त्रिमितीय स्वरूपात टिकल्या होत्या. त्यामुळे पुढच्या संधिपादांच्या दुभंगलेल्या पायांचा उगम समजायला मोठी मदत झाली. खेकडे, कीटक, कोळी यांच्या खोडावर ही एक जुनी, आता निपुत्रिक फांदी. जर्मनीतल्या हुन्सरुक स्लेट या खडकात याच गटातला शिंडरहान्नेस सापडला, तो सुमारे ४० कोटी वर्षांपूर्वीचा. म्हणजे या मंडळींचा संसार कँब्रियनबरोबर उठला नाही, आणखी सुमारे आठ कोटी वर्षं चालला. मधल्या काळात ते दिसत नाहीत याचं मोठं कारण म्हणजे मऊ अंग जपणारा चिखल फार कमी ठिकाणी मिळतो.

भारत. महाराष्ट्रात आणि गोव्यात शोधायला जाऊ नका. महाराष्ट्राचा बहुतांश भाग सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाखाली आहे, आणि लाव्हात समुद्रातले प्राणी मिळत नाहीत. चंद्रपूर-यवतमाळकडचे चुनखडक समुद्रीच, पण ते उलट फार जुने, कँब्रियनच्याही आधीचे. कँब्रियन सागरी खडक बघायचे तर हिमालय: काश्मीर, झांस्कर आणि हिमाचलमधलं स्पिती. स्पितीच्या पाराहिओ खोऱ्यातले ट्रायलोबाइट १९१०मध्येच काउपर रीड यांनी सविस्तर वर्णिले, आणि तिथले काही थर साधारण बर्जेसच्याच काळातले आहेत. पण ते बरेचसे नदीमुखाजवळच्या वाळू-गाळाचे आहेत. तिथे लाटा होत्या, ऑक्सिजन होता, किडे गाळ उकरत होते. कॅल्साइटचं कवच त्यातून तरतं, पाळे आणि कल्ले तरत नाहीत.

तुम्ही किंवा तुमचे विद्यार्थी तिकडे जाणार असाल तर बारीक दाण्याचे, कागदासारखे सुटणारे काळपट थर आधी बघा, आणि अख्ख्या प्राण्याची आशा धरू नका. रेडिओडोंटांचा सर्वांत कडक भाग म्हणजे पुढचे हात आणि तोंडाच्या तबकड्या. कात टाकल्यावर किंवा मेल्यावर तेच सुटे होऊन उरतात, म्हणून जगभर तेच सर्वांत जास्त सापडतात. पेरापेरांचा वाकडा तुकडा दिसला तर घासूनपुसून साफ करत बसू नका. दोन्ही अर्धे, म्हणजे ठसा आणि प्रतिठसा, एकत्र गुंडाळा, थर कुठला ते लिहा, आणि तिरक्या उजेडात फोटो काढा.